तुटक नेमणुकीची सेवा पेन्शनला धरत नाहीत : १९९६ ते २००० च्या चार नेमणुका, आणि २००५ चं एक प्रकरण

राधानगरी_लिपिक

नमस्कार मंडळी. आमच्या माध्यमिक शाळेतल्या एका बाईंचं पेन्शन प्रकरण त्रुटी लावून परत आलंय. शाळा १९९२ पासून १०० टक्के अनुदानित आहे. बाई बी.ए. बी.एड. होऊनच लागलेल्या, त्यामुळे पात्रतेचा वाद नाही. निवृत्ती ३० जून २०२६. सेवापुस्तकातल्या तारखा अशा :

१७ जून १९९६ ते ३० एप्रिल १९९७, (शिक्षणाधिकारी कार्यालयाची) मान्यता आहे
१६ जून १९९७ ते ३० एप्रिल १९९८, मान्यता आहे
१५ जून १९९८ ते ३० एप्रिल १९९९, मान्यता आहे
१४ जून १९९९ ते ३० एप्रिल २०००, मान्यतेचा कागद सापडत नाही
१२ जून २००० पासून दोन वर्षं परिविक्षा, पुढे कायम, आजपर्यंत सलग

पहिली चार वर्षं पद राखीव होतं. त्या प्रवर्गाचा उमेदवार मिळाला नाही म्हणून दरवर्षी जाहिरात न देता त्याच बाईंना एकेका वर्षाचा आदेश दिला गेला. २००० साली बिंदूनामावली (कोणतं पद कोणत्या प्रवर्गाचं ते दाखवणारा तक्ता) तपासून झाल्यावर त्या खुल्या पदावर आल्या.

त्रुटीपत्रात तीन मुद्दे आहेत. एक, १९९६ ते २००० ची सेवा तुटक असल्याने अग्राह्य. दोन, सेवाखंड क्षमापनाचा, म्हणजे सेवेत पडलेला खंड माफ केल्याचा, आदेश जोडलेला नाही. तीन, १९९९-२००० ची वैयक्तिक मान्यता नाही. 'पूर्तता करून प्रकरण फेरसादर करावे' एवढंच खाली लिहिलंय. निवृत्ती तोंडावर आली आहे, काय करावं?

दुसरं प्रकरण एका सरांचं आहे. १३ जून २००५ ला शिक्षण सेवक म्हणून (मानधनावर) लागले, मान्यता ३० एप्रिल २००६ पर्यंत. पुन्हा १२ जून २००६ पासून तीन वर्षांची मान्यता, जून २००९ पासून सहायक शिक्षक. त्यांना अंशदायी योजनेत (१ नोव्हेंबर २००५ पासून लागणाऱ्यांना जुन्या पेन्शनऐवजी असलेल्या योजनेत) टाकलंय. ते म्हणतात मी १ नोव्हेंबर २००५ च्या आधीचा आहे. त्यांचं म्हणणं टिकेल का?

सेवापुस्तक

बाईंचं आधी बघू. भांडायला उठण्याआधी कागद-पेन्सिल घेऊन हिशोब मांडा. नेमकं कशासाठी भांडायचंय ते त्यावरून ठरतं.

१२ जून २००० ते ३० जून २०२६ ही सलग सेवा २६ वर्षं १९ दिवस. या काळावर कुणाचाच आक्षेप नाही. पूर्ण पेन्शनला आता २० वर्षं अर्हताकारी (पेन्शनसाठी धरली जाणारी) सेवा पुरते. ३३ वर्षांची अट २००९ मध्येच गेली. म्हणजे आधीची चार वर्षं धरली काय, न धरली काय, सेवेच्या लांबीमुळे बाईंच्या पेन्शनमध्ये एक रुपयाचाही फरक पडत नाही. शेवटच्या पगाराच्या निम्मी पेन्शन त्यांना मिळायलाच हवी.

उपदान (ग्रॅच्युइटी) मात्र बदलतं. चार तुटक नेमणुका अशा भरतात : १० महिने १४ दिवस, १० महिने १५ दिवस, १० महिने १६ दिवस, १० महिने १७ दिवस. बेरीज ३ वर्षं ६ महिने २ दिवस. एकूण सेवा २९ वर्षं ६ महिने २१ दिवस. उपदान दर पूर्ण सहामाहीला पाव पगार, कमाल साडेसोळा पगार. २६ वर्षांच्या ५२ सहामाही, म्हणजे १३ पगार. २९ वर्षं ६ महिने धरले तर ५९ सहामाही, म्हणजे पावणेपंधरा पगार. ज्या वर्षाची मान्यता सापडत नाही तेवढं वगळलं तर २८ वर्षं ८ महिने ४ दिवस उरतात. त्याच्या ५७ सहामाही, म्हणजे सव्वाचौदा पगार. तुमचा तिसरा मुद्दा उपदानापुरता अर्ध्या पगाराचा आहे, एवढं लक्षात ठेवा. (सहामाही मोजताना तीन महिने किंवा त्याहून जास्तीचा तुकडा पूर्ण सहामाही धरतात, तीन महिन्यांच्या आतला सोडून देतात.)

म्हणून प्रकरण अडकू देऊ नका. दोन भाग करा. २६ वर्षांची पेन्शन आणि १३ पगारांचं उपदान वादाबाहेरचं आहे, ते लगेच मंजूर करावं असं पत्र द्या. मागच्या साडेतीन वर्षांचा दावा कायम ठेवून वेगळा चालवा. त्रुटीपत्र आलं की सगळी फाईल पूर्ततेसाठी शाळेच्या कपाटात पडते आणि निवृत्त बाई वर्षभर हात चोळत बसतात. हे होता कामा नये. नियमात तात्पुरत्या निवृत्तिवेतनाची सोय आहे, ती लेखी मागा. उपदान तीन महिन्यांच्या पुढे आणि पेन्शन सहा महिन्यांच्या पुढे रखडली तर १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतल्या १२९-अ आणि १२९-ब खाली व्याज लागतं. उशीर कर्मचाऱ्यामुळे झाला नाही, एवढं दाखवावं लागतं. म्हणून प्रत्येक पत्राची पोच ठेवा.

एक विचारायचं राहिलं. बाईंना बारा वर्षांच्या सेवेनंतरची वरिष्ठ वेतनश्रेणी कोणत्या तारखेपासून दिली आहे?

राधानगरी_लिपिक

सेवापुस्तकात १० डिसेंबर २००८ आहे. पडताळणीचा शिक्काही आहे. २००९ च्या वेतननिश्चितीत बाईंचं हमीपत्रही जोडलेलं दिसतंय.

सेवापुस्तक

शंका होती ती खरी निघाली. मागची साडेतीन वर्षं धरूनच ती तारीख काढली आहे. ती वजा केली की वरिष्ठ श्रेणी १२ जून २०१२ ला जाते. पेन्शनसाठी सेवा अग्राह्य ठरली की पुढचा आक्षेप ठरलेला : वरिष्ठ श्रेणी आधी दिली, वेतननिश्चिती चुकली, जादा दिलेली रक्कम वसूल करा. शिवाय शेवटचा पगार बदलला तर पेन्शनही बदलते. सेवेच्या लांबीने नाही, पण पगाराच्या आकड्याने.

आजच बसून दोन तक्ते करा. एकात वरिष्ठ श्रेणी २००८ ची, दुसऱ्यात २०१२ ची. दोन्ही तक्ते सातव्या आयोगाच्या निश्चितीतून जून २०२६ पर्यंत आणा आणि शेवटचा रकाना बघा. त्यात फरक नसेल तर वाद फक्त उपदान आणि वसुलीचा राहतो. फरक असेल तर त्या चार नेमणुकांसाठी शेवटपर्यंत लढायलाच हवं. हे आकडे हातात नसताना कुठल्याही कार्यालयात जाऊ नका.

बिंदूनामावली

सेवाखंडाबद्दल लिहितो. इथे बहुतेक शाळा चुकीच्या पोटनियमाखाली अर्ज करतात आणि स्वतःच्या हाताने प्रकरण बिघडवतात.

१९८२ च्या त्याच निवृत्तिवेतन नियमांत सेवाखंड क्षमापनाचा नियम ४८ आहे. त्याच्या पोटनियम (१) मध्ये तीन अटी आहेत. खंड कर्मचाऱ्याच्या आवाक्याबाहेरच्या कारणाने पडलेला असावा. क्षमापन न केल्यास जी सेवा बुडेल ती पाच वर्षांपेक्षा कमी नसावी. आणि सगळे खंड मिळून एक वर्षाच्या वर नसावेत. तुमच्या बाईंचे खंड मोजा : ४६, ४५, ४४ आणि ४२ दिवस, मिळून १७७. वर्षाच्या आत आहेत. कारणही सरळ आहे, उन्हाळी सुट्टीआधी आदेशाची मुदत संपत होती. पण बुडणारी सेवा ३ वर्षं ६ महिने २ दिवस आहे, पाच वर्षं भरत नाहीत. पोटनियम (१) खाली क्षमापन मागितलंत तर 'अट पूर्ण होत नाही' असा शेरा येईल आणि तोच शेरा पुढे प्रत्येक टेबलावर तुमच्या विरोधात वापरला जाईल.

तुमचा आधार पोटनियम (३) आहे. सेवेच्या दोन कालखंडांमधला खंड, सेवा अभिलेखात विरुद्ध अशी स्पष्ट नोंद नसेल तर, आपोआप क्षमापित झाला असं मानायचं आणि खंडाआधीची सेवा अर्हताकारी धरायची. वेगळा आदेश लागत नाही. पाच वर्षांची अट या पोटनियमात नाही. खंडाचे १७७ दिवस सेवेत मोजले जात नाहीत. ते मागूही नका, मागितले की गोंधळ वाढतो.

यासोबत नियम ३० घ्या. अर्हताकारी सेवा पहिल्या नेमणुकीच्या पदाचा कार्यभार घेतल्याच्या तारखेपासून सुरू होते, नेमणूक कायम असो, स्थानापन्न असो की तात्पुरती. निवृत्तीच्या वेळी कायम पद धारण केलेलं असावं एवढी अट आहे, आणि बाईंची ती पूर्ण होते. नियम ३३ कायमपणाआधीच्या तात्पुरत्या सेवेबद्दल आहे, पण त्यात 'खंडाशिवाय' हा शब्द असल्याने एकट्या ३३ वर विसंबू नका. ३० आणि ४८(३) एकत्र मांडा.

आता सेवापुस्तक उघडून दर ३० एप्रिलसमोर काय लिहिलंय ते अक्षर न अक्षर वाचा. लाल शाईने 'मुदत संपल्याने सेवा समाप्त' असं असेल तर घाबरू नका. ती खंड पडल्याची नोंद झाली, खंड क्षमापित नसल्याची नव्हे. 'सेवाखंड क्षमापित नाही' किंवा 'मागील सेवा धरू नये' असं असेल तर मात्र ती विरुद्ध नोंद ठरते, आणि ती कुणी, कोणत्या आदेशाने केली हे शोधावं लागेल.

सगळ्यात घातक कागद राजीनामा. काही ठिकाणी एप्रिल महिन्यात तात्पुरत्या शिक्षकांकडून कोऱ्या कागदावर राजीनामा लिहून घेण्याची पद्धत होती. तो वैयक्तिक नस्तीत निघाला तर नियम ४६ लागू होतो, राजीनाम्याने मागची सेवा गमावली जाते आणि ४८(३) चं संरक्षणही मिळत नाही. नस्ती कार्यालयात पाठवण्याआधी बघा. निघाला तर लपवू नका, फाडू तर अजिबात नका. पण नेमणूक आदेशातच ३० एप्रिल ही मुदत लिहिलेली असताना त्याच तारखेच्या राजीनाम्याला काय अर्थ उरतो, हा युक्तिवाद आदेशाच्या प्रतीसह मांडता येतो.

मोडी_आणि_मस्टर

हरवलेल्या मान्यतेबद्दल. 'मान्यता नाही' आणि 'मान्यतेची प्रत सापडत नाही' या दोन अगदी वेगळ्या गोष्टी आहेत. तुमच्या पत्रव्यवहारात पहिलं वाक्य चुकूनही येऊ देऊ नका. १९९९-२००० मध्ये बाईंचा पगार अनुदानातून निघाला असेल तर मान्यता झालेलीच असणार, कारण मान्यतेशिवाय वेतन देयकात नाव चढत नाही. म्हणजे पगार निघाल्याचा पुरावा हाच मान्यतेकडे जायचा रस्ता.

शोधायची जागा मी या क्रमाने सांगेन. शाळेतलं वेतन वाटप पत्रक, म्हणजे ज्यावर तिकीट लावून सही घेतात ते. जून १९९९ ते एप्रिल २००० चे अकरा महिने हवेत. जूनचा तुटक पगार १४ तारखेपासूनचाच आहे का ते बघा, तो आकडा कार्यभाराच्या तारखेला पुष्टी देतो. मग शिक्षक हजेरीपट. मग शाळेची आवक नोंदवही : जुलै ते ऑक्टोबर १९९९ मध्ये शिक्षणाधिकारी कार्यालयाकडून आलेल्या प्रत्येक पत्राचा जावक क्रमांक तिथे उतरवलेला असतो. मान्यतेचं पत्र बहुधा एकट्या बाईंचं नसतं, त्या वर्षीच्या चार-पाच शिक्षकांचं एकत्र असतं. म्हणून त्याच वर्षी लागलेल्या इतर शिक्षकांच्या नस्त्या उघडा. प्रत बऱ्याचदा दुसऱ्याच्याच फाईलला टाचलेली सापडते. शेवटी १९९९-२००० चा वार्षिक तपासणी अहवाल, त्यात शिक्षकांची नावं, पात्रता आणि मान्यतेचा क्रमांक यांचा तक्ता असतो.

जावक क्रमांक मिळाला की माहिती अधिकारात अर्ज करा. जोडपत्र 'अ', १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, एकच विषय, १५० शब्दांच्या आत. 'माझ्या मान्यतेची माहिती द्यावी' असं मोघम लिहू नका. 'सन १९९९-२००० च्या जावक नोंदवहीतील अमुक क्रमांकाच्या पानाची आणि त्या पत्राच्या स्थळप्रतीची साक्षांकित प्रत' असं मागा. अर्ज बाईंच्या नावाने जाऊ द्या, शाळेच्या नाही. ३० दिवसांत उत्तर आलं नाही तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील करा. 'अभिलेख उपलब्ध नाही' असं उत्तर आलं तरी ते जपून ठेवा. कार्यालयाकडेच अभिलेख नाही म्हटल्यावर शिक्षिकेने तो हजर करावा असा हट्ट टिकत नाही.

हे सगळं एकत्र लावून मुख्याध्यापकांच्या दाखल्यासह मान्यतेची दुय्यम प्रत मागायची. कार्योत्तर (मागाहून दिली जाणारी) मान्यता मागू नका. कार्योत्तर म्हटलं की तेव्हा मान्यता नव्हती असं तुम्हीच कबूल केल्यासारखं होतं.

सेवापुस्तकात आता नव्याने काहीही लिहू नका. वर्षाखेरीची सेवा पडताळणीची सही राहिली असेल तर आजची तारीख घालून, वेतन पत्रकाचा आधार लिहून सही घ्या. जुन्या तारखेने केलेली नोंद शाईवरूनसुद्धा ओळखू येते आणि मग बाकीच्या खऱ्या नोंदीही संशयात येतात.

करवीर_विधी

वसुली आणि सरांचं प्रकरण, दोन्हींवर लिहितो.

वसुलीसाठी सर्वोच्च न्यायालयाचा १८ डिसेंबर २०१४ चा रफीक मसीह निकाल. त्यात वसुली करता येणार नाही असे प्रसंग दिले आहेत. तृतीय आणि चतुर्थ श्रेणीचे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वसुलीच्या आदेशापासून एका वर्षात निवृत्त होणारे, आणि जादा रक्कम पाच वर्षांहून अधिक काळ दिली गेली असल्यास. बाई तिन्हींत बसतात. पण हमीपत्राचा उल्लेख तुम्ही केलात, तो हलका घेऊ नका. २०१६ च्या जगदेव सिंग निकालात, वेतननिश्चितीच्या वेळी जादा रक्कम परत करण्याची हमी दिली असेल तर निवृत्तीचं कारण सांगून वसुली टाळता येत नाही असं म्हटलंय. तो कर्मचारी न्यायिक अधिकारी होता, तृतीय श्रेणीतला नव्हता, हा फरक मांडता येतो. तरी हमीपत्रात नेमकं काय लिहिलंय ते वाचा. सहाव्या आयोगाच्या निश्चितीपुरती हमी असेल तर वरिष्ठ श्रेणीच्या तारखेशी तिचा संबंध काय, हा प्रश्न उभा राहतो.

रफीक मसीह निकाल वसुली थांबवतो, दुरुस्ती थांबवत नाही. पगार खाली आणून पेन्शन काढायला तो आड येत नाही. म्हणून 'सेवापुस्तक' यांनी सांगितलेले दोन तक्ते महत्त्वाचे आहेत.

'तुटक म्हणून अग्राह्य' या शेऱ्यावर आणखी एक गोष्ट. सर्वोच्च न्यायालयाच्या उमादेवी निकालानंतर (१० एप्रिल २००६) अनियमित आणि बेकायदेशीर नेमणूक यांत फरक करावाच लागतो. मंजूर पद, पात्र उमेदवार आणि सक्षम अधिकाऱ्याची मान्यता असेल तर नेमणूक फार तर अनियमित ठरते. राखीव पदावर उमेदवार न मिळाल्यास वर्षापुरती नेमणूक करायची वाट १९८१ च्या सेवाशर्ती नियमावलीतल्या नियम ९ मध्येच आहे. म्हणजे ती नियमानुसार झालेली तात्पुरती नेमणूक आहे, अनियमितसुद्धा म्हणू देऊ नका. तुटक आदेशांवर वर्षानुवर्षं काम करून घ्यायचं आणि शेवटी त्याच कारणाने पेन्शन नाकारायची हे योग्य नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये गुजरातच्या तलसीभाई पटेल प्रकरणात स्पष्ट म्हटलंय. तिथे सेवा तीस वर्षांची होती, हा फरक लक्षात ठेवून आधार घ्या.

आता सर. त्यांच्या प्रकरणात लोक दोन गोष्टी एकमेकांत मिसळतात. २ फेब्रुवारी २०२४ चा शासन निर्णय जाहिरात १ नोव्हेंबर २००५ च्या आधीची पण नेमणूक नंतरची असलेल्या राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी आहे. त्यात सहा महिन्यांत विकल्प द्यायचा होता. सरांचा दावा तो नाहीच. ते ३१ ऑक्टोबर २००५ रोजी १०० टक्के अनुदानित शाळेत, मान्यताप्राप्त आदेशावर, प्रत्यक्ष हजर होते. प्रश्न एवढाच आहे की १२ जून २००६ चा आदेश जुन्या नेमणुकीचा पुढचा भाग आहे की नवी नेमणूक.

ते ठरवायला चार कागद लागतात. २००६ मध्ये पुन्हा जाहिरात आणि मुलाखती झाल्या का? पद तेच होतं का, म्हणजे संचमान्यतेत (शाळेच्या मंजूर पदांच्या यादीत) तोच विषय आणि तोच बिंदू? २००६ च्या मान्यतेत मागच्या मान्यतेचा संदर्भ आहे का? मधल्या ४२ दिवसांत त्या पदावर दुसरं कुणी होतं का? जाहिरात न देता, त्याच निवडीवर, त्याच पदावर पुढचा आदेश निघाला असेल तर दावा बळकट आहे. नव्याने जाहिरात देऊन पद बदललं असेल तर स्पष्ट सांगतो, अवघड आहे.

समोरून दुसरा मुद्दा येईल मानधनाचा. नियम ५७ मानधनावरची सेवा निवृत्तिवेतनार्ह धरत नाही. त्याला उत्तर हे की सेवा मोजायची कशी आणि योजना कोणती लागू, हे वेगळे प्रश्न आहेत. योजना नेमणुकीच्या तारखेवर ठरते. ही मांडणी पहिल्याच अर्जात स्वतंत्र परिच्छेदात करा, नंतर सुचलं म्हणून जोडू नका.

सर २०३१ ला निवृत्त होणार म्हणून थांबू नका. कपात सुरू राहील तशी 'तुम्ही योजना स्वीकारली' हा मुद्दा बळावतो. दरवर्षी एक लेखी हरकत द्या, पोच घ्या. विकल्पाचा कुठलाही छापील फॉर्म सही करायला आला तर वर 'हरकत कायम ठेवून' असं लिहूनच सही करा.

वस्तीवरची_शाळा

वस्तीशाळेच्या निमशिक्षकांना हेच लागू होईल का? २००१ पासून मानधनावर, २०१४ ला नियमित झाले.

करवीर_विधी

नाही, सरळ लागू होत नाही. ३१ ऑक्टोबर २००५ ला तुम्ही मंजूर वेतनश्रेणीच्या पदावर नव्हता, योजनेतल्या मानधनावर होता. नियम ५७ खालची टीप आकस्मिक खर्चातून पगार घेणाऱ्यांची निम्मी सलग सेवा धरते, तीही त्यांचं पद नियमित आस्थापनेवर आलं तर. मानधनाचा उल्लेख त्या टिपेत नाही. तुमच्या प्रश्नाला वेगळा धागा हवा, इथे दोन ओळींत उत्तर देऊन तुमचं नुकसान करायचं नाही.

राधानगरी_लिपिक

फार उपयोग झाला सगळ्यांचा. दोन शंका. क्षमापनाचा अधिकार नेमणूक प्राधिकाऱ्याचा आहे, मग संस्थेचा ठराव पुरेल का? आणि कोर्टात जायची वेळ आली तर कुठे जायचं? संस्थाचालक म्हणतात शाळा न्यायाधिकरणात जा.

बिंदूनामावली

४८(३) वर उभे आहात, तर क्षमापनाचा ठराव करूच नका. केलात तर आदेश लागतो हे मान्य केल्यासारखं होईल. संस्थेने ठराव करायचाच असेल तर वस्तुस्थितीचा करावा : खंड मुदत संपल्याने पडले, राजीनामा घेतलेला नाही, मधल्या काळात पदावर दुसरं कुणी नव्हतं, विरुद्ध नोंद नाही. त्यावर शिक्षणाधिकाऱ्यांची प्रतिस्वाक्षरी घ्या. 'हा नियम शासकीय नागरी सेवेसाठी आहे, तुमची शाळा खाजगी आहे' असा शेरा येऊ शकतो. ज्या शासन निर्णयांनी हेच निवृत्तिवेतन नियम अनुदानित शाळांना लावले, त्यांच्यामुळे पेन्शन कमी करणारे नियम लागू आणि सेवा वाचवणारे नियम लागू नाहीत असं करता येत नाही, हे उत्तर तयार ठेवा.

करवीर_विधी

शाळा न्यायाधिकरण यासाठी नाही. १९७७ च्या अधिनियमाच्या कलम ९ खाली तिथे बडतर्फी, सेवेतून काढणं, पदावनती, डावलून बढती अशी अपिलं चालतात, तीही ३० दिवसांत. पेन्शनच्या नकाराचं अपील तिथे नेलं तर वर्ष वाया जातं. प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट, राज्य शासनाच्या स्वतःच्या कर्मचाऱ्यांसाठी आहे. शासकीय विद्यालयातले शिक्षक तिथे जातात. अनुदानित शाळेचे आणि जिल्हा परिषदेचे शिक्षक अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट करतात. १८ ऑगस्ट २०२५ पासून त्यासाठी मुंबईला जावं लागत नाही. कोल्हापुरात सीपीआर रुग्णालयासमोर भाऊसिंगजी रोडवर सर्किट बेंच सुरू झालंय. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग इथले दावे तिथेच दाखल होतात.

पण रिट करण्याआधी कारणांसह लेखी नकार हातात हवा. त्रुटीपत्र म्हणजे नकार नव्हे. आधी पूर्तता द्या, नियम ३० आणि ४८(३) चं नाव घेऊन द्या, आणि 'अमान्य असल्यास सकारण आदेश द्यावा' हे वाक्य शेवटी घाला. उशीर करू नका. पेन्शनची तक्रार दर महिन्याला नव्याने उभी राहते म्हणून मुदतीने मरत नाही, पण थकबाकी साधारण याचिकेआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. २००८ च्या तरसेम सिंग निकालाने तसं ठरवलंय.

सेवापुस्तक

पूर्ततेचं पत्र असं लिहा, शाळेच्या लेटरहेडवर, तीन परिच्छेदांत :

'१. दि. १२-०६-२००० ते ३०-०६-२०२६ ही २६ वर्षे १९ दिवसांची सलग सेवा निर्विवाद असल्याने त्यावर आधारित निवृत्तिवेतन व उपदान तात्काळ मंजूर व्हावे. २. दि. १७-०६-१९९६ ते ३०-०४-२००० या कालावधीतील ३ वर्षे ६ महिने २ दिवसांची सेवा नियम ३० व ४८(३) नुसार अर्हताकारी आहे. खंडाचे १७७ दिवस वगळले आहेत. सेवा अभिलेखात विरुद्ध नोंद नाही. सदर दावा कायम ठेवण्यात येत आहे. ३. सन १९९९-२००० च्या मान्यतेची दुय्यम प्रत मागितली असून वेतन पत्रके, हजेरीपट व आवक नोंदवहीचे उतारे सोबत जोडले आहेत.'

वरिष्ठ श्रेणीचा उल्लेख या पत्रात अजिबात करू नका, तो आक्षेप अजून आलेला नाही. पत्राच्या तीन प्रती काढा. एक कार्यालयाला, एक पोच शिक्क्यासह शाळेला, आणि तिसरी शिक्क्यासह बाईंच्या हातात द्या. शाळेतला लिपिक आणि मुख्याध्यापक बदलतात, नस्ती हरवते. बाईंच्या घरातला कागद राहतो.

राधानगरी_लिपिक

आवक नोंदवहीत सापडलं. २ सप्टेंबर १९९९ ला आलेलं पत्र, विषय 'वैयक्तिक मान्यता – चार शिक्षक', जावक क्रमांकासह. त्या चौघांपैकी एकांची नस्ती अजून शाळेत आहे, उद्या उघडतो. माहिती अधिकाराचा अर्ज बाईंच्या सहीने सोमवारी जाईल.

मोडी_आणि_मस्टर

नस्तीत प्रत सापडली तर तिची झेरॉक्स काढताना मागची बाजूही काढा. चार नावांची मान्यता असली की अटी आणि तारखा बऱ्याचदा मागच्या पानावर असतात, आणि बाईंचं नाव चौथं असेल तर तेही मागेच असेल.